लाल दोऱ्यांचे तुरे

मंडळी, आपल्याकडे एक फार सोयीचा समज आहे. देवासाठी तोडलेलं फूल म्हणे चोरीचं होत नाही! भल्या सकाळी दुसऱ्याच्या कंपाउंडमध्ये हात घालून जास्वंद काढणारी माणसं तुम्ही पाहिली असतील. आरशातही पाहिली असतील कदाचित.

सुहासिनीकाकू हा समज ठाण्याहून थेट शिकागोच्या उपनगरात घेऊन आल्या. मुलगा राजस आयटीत, त्याच्या घरी पाच दिवसांचा गणपती. डेव्हन ॲव्हेन्यूवरच्या देशी दुकानांतून कापूर आला, मोदकाचं पीठ आलं. दुकानातली फुलं मात्र मलूल. काकूंच्या मनास ती येईनात. आणि घरामागेच तर मोकळं रान, त्यात कमरेइतके उंच जांभळे तुरे! ब्लेझिंग स्टार, इथल्या प्रेरीचं, म्हणजे गवताळ माळरानाचं, मूळचं रानफूल. काकू उजाडता उजाडता पिशवी भरून आणू लागल्या. त्यांचं पाहून शेजारची कांचनही जाऊ लागली.

इकडे देवयानी रडकुंडीला आली होती. ही नागपूरची मुलगी इथे पीएचडी करत होती आणि तिचा विषय होता त्याच तुऱ्यांवर येणाऱ्या मधमाश्या. निरीक्षणासाठी निवडलेल्या तुऱ्यांना तिने लाल दोरे बांधले होते आणि रोज त्यातलेच काही गायब! हरणं खात असतील म्हणून तिने जाळी लावली, तरी तेच. फुलं वर्षातून एकदाच येतात. हा सीझन हातचा गेला, तर सगळं काम पुढच्या उन्हाळ्यावर.

रविवारी सकाळी राजसने ओळखीच्या विद्यार्थ्यांना आरतीला बोलावलं. देवयानीने बाप्पापुढे हात जोडले आणि तिचे डोळेच विस्फारले. बाप्पाच्या पायाशी तिचे तुरे, लाल दोऱ्यांसकट!

"काकू, हे कुठून आणले?"

"आवडले ना? मागच्या रानातले गं, शेजारची कांचनही तिथूनच नेते. काहींना तर लाल दोरा बांधलेला. म्हटलं, कुणीतरी नवसाचेच राखून ठेवलेत!"

"दोरे मी बांधलेत, काकू. माझा रिसर्च आहे तो." देवयानी म्हणाली.

तेवढ्यात निरांजनाच्या उबेने एका तुऱ्यात काहीतरी हललं.

"अरे यार, मधमाशी! स्प्रे आण!" राजस ओरडला.

"मारू नका, दादा!" देवयानीने पटकन त्यावर वाटी पालथी घातली. "नर आहे हा, याला नांगीच नसते. याला पोळंही नाही. रात्री तुऱ्याला धरून झोपतो."

"देवाला चार फुलं वाहिली तर काय बिघडतं गं?" काकू जरा घुश्शातच म्हणाल्या.

"चार तुम्ही, चार कांचनकाकू, चार आणखी कुणी. याची मादी जमिनीत एकटीच घर करते, पिल्लांसाठी याच फुलांवरून पराग नेते. फुलपाखरं हिवाळ्यासाठी मेक्सिकोला निघताना इथेच पोट भरतात. एकेकाळी इथे नजर पोचेल तिथवर प्रेरी होती, काकू. आता मका आणि पार्किंग लॉट. एवढासा तुकडा उरलाय, तोही आपण बाप्पाच्या नावाने संपवायचा का?"

वाटीखाली कागद सरकवून काकू मागे रानात गेल्या. माशी उडाली, तिला बसायला तुरा काही सापडेना. समोर नुसते खुडलेले दांडे उभे होते.

"अगं बाई! एवढं सगळं मी ओरबाडलं?" काकूंच्या डोळ्यांत पाणी आलं.

घरात येऊन त्यांनी सगळ्यांसमोर सांगितलं, "तुरे मीच तोडले. चुकलं माझं. उद्या बाप्पाला अक्षता वाहीन. देवयानी, किती उरलेत गं?"

"पलीकडच्या कडेला थोडे आहेत. पुरतील बहुतेक. पण आता एकही जायला नको."

दुसऱ्या दिवशी उजाडताच कांचन पिशवी घेऊन रानाच्या पलीकडच्या कडेला पोचली, तर तिथे काकू शाल पांघरून उभ्या.

"काकू, बाजूला व्हा ना, पूजा खोळंबलीय माझी!"

"हळू बोल. झोपलेत अजून ते," काकू म्हणाल्या. एका तुऱ्याला बिलगलेल्या तीन माश्या त्यांनी तिला दाखवल्या. कांचन वाकून बघत राहिली आणि मग पिशवीची घडी घालून घरी गेली.

मंडळी, भक्ती आपली असते, फूल मात्र आपलं एकट्याचं नसतं. देवाला वाहायचंच असेल, तर ते झाडावर राहू द्यावं. त्याच्या लेकरांचं पोट भरलं, की त्याला पोचलंच म्हणायचं!