दिवाळ्याच्या खळ्यावरचा माईक

माझी जाळी चेपली आहे म्हणून हसू नका, मित्रांनो. मी एक जुना माईक आहे आणि एकेकाळी मी भर कचेरीत एक लढाई जिंकून दिली आहे.

तळोज्याच्या एका छोट्या कारखान्यात माझा जन्म झाला. उमेदीची वर्षे लग्नाच्या मांडवांत गेली. "मामांनी मुलीला घेऊन यावे" आणि हरवलेल्या चपला, यापलीकडे मी फारसे काही ऐकले नव्हते. मग १९९४ साली वाशीच्या क्षिप्राताईंनी मला विकत घेतले. कोर्टकचेऱ्यांत हेलपाटे घालणाऱ्या साध्या माणसांवर त्या माहितीपट काढत. त्या मला दिवाळे नावाच्या कोळ्यांच्या गावी घेऊन गेल्या.

तिथे खाडीकाठच्या खळ्यावर कोळणी जवळा सुकवत, म्हणजे इवलीशी कोळंबी. 'जागा वापरात नाही' असे म्हणून एक सरकारी कार्यालय तिथे कुंपण घालणार होते. त्या कोळणींतल्या चांगुणाबाई तिथे विचारायला गेल्या की "साहेब मीटिंगमध्ये आहेत" एवढेच ऐकून परत येत. ताईंनी मला त्यांच्यापुढे धरले, तेव्हा त्या आधी बावरल्या. मग मात्र बांध फुटला.

"जागा रिकामी हाय म्हनतात! माजे सासूनं हितंच जवला सुकवला. मंग आमी हितं काय खेलतो?"

तेवढ्यात कॅमेऱ्याच्या पाठीमागून कोणीतरी ओरडले, "ओ बाई, जवळा बाजूला घ्या! टेप टाकायचीय, माप घ्यायचंय!"

"आदी जवला उचलू दे, मंग पसर तुजी टेप!" चांगुणाबाई कडाडल्या.

कॅमेऱ्याने तो माणूस पाहिलाच नाही. मी मात्र शब्द न् शब्द टिपला.

कोळणींनी कुंपणावर हरकत घेतली होती; तिच्या सुनावणीच्या दिवशी ताईंनी घरचा टीव्ही आणि व्हीसीआर रिक्षात घालून कचेरीत आणला. कोळणी दाराशी दाटीवाटीने उभ्या होत्या. चित्रात मुंग्या येत होत्या, पण आवाज खणखणीत होता. 'जवळा बाजूला घ्या' हे वाक्य आले आणि साहेब ताठ बसले.

"पुन्हा लावा. हा आवाज कोणाचा?"

कोपऱ्यातले मोजणीदार मानसिंग घाम पुसत म्हणाले, "माझाच, सर."

"जागा वापरात नाही ना? मग जवळा कोणाचा उचलायला लावलात?"

अख्खी कचेरी हसली. मानसिंगही हसले. साहेबांनी तिथल्या तिथे कुंपण रद्द केले. बाहेर येताच चांगुणाबाईंनी वेणीतले फूल काढून माझ्या जाळीत खोवले. "आमचा आवाज सायबाला आयकू आला गो!" असे त्या साऱ्या रस्त्याला सांगत सुटल्या. गावात त्या संध्याकाळी मला मिरवणुकीत नाचवले!

पुढे बोटाएवढे माईक निघाले आणि मी कपाटात गेलो. त्याचे मला दुःख नाही. काळजी वाटते ती माझ्या शेजारी ठेवलेल्या, खळ्यावरच्या त्या चित्रणाच्या कॅसेटची. मित्रांनो, तुमच्याही घरी अशा कॅसेटी असतील. त्यांना ओल लागू देऊ नका, अधूनमधून लावून ऐका. चांगुणाबाई आता राहिल्या नाहीत, पण आमच्या कॅसेटमध्ये त्या अजून कडाडून भांडतात आणि दर वेळी जिंकतात.