चॅम्पियन स्पेशल

“असं करा उकंडराव,” उदयसिंगशेठ म्हणाले, “तुमी थो फुलायचा बोर्ड घिऊन जा. घरात शोभून दिसते. बाईमानसाले बी आवडते.”

बाईमाणूस म्हणजे मी. जिनिंगच्या त्या शेडमध्ये सगळे बाप्येच, त्यांत बाई मी एकटी. सगळ्यांच्या माना माझ्याकडे वळल्या. मी पदर खोचून उभी होते, तशीच उभी राहिले. तो फुलाफुलांचा बोर्ड मला आवडला होता, खोटं कशाला बोलू? पण मला काय आवडतं ते शेठजींनी ठरवावं, याची तिडीक माझ्या डोक्यात गेली.

अठ्ठ्याहत्तर साल होतं. आमच्या वऱ्हाडातल्या मालेगावच्या बाजारपेठेतला क्लब दरवर्षी दिवाळीनंतर कॅरमचे सामने भरवायचा. उदयसिंगशेठ कापसाचे अडते, जिनिंगचे मालक आणि क्लबचे अध्यक्ष; सामने त्यांच्याच शेडमध्ये व्हायचे. बक्षीस म्हणून ते अकोल्याहून दोन स्पेशल बोर्ड आणायचे. जो जिंकेल त्याने त्यातला एक निवडायचा, उरलेला हरणाऱ्याला. निवड झाली की फय्याज पेंटर तिथल्या तिथे, सगळ्यांच्या देखत, बोर्डाच्या चौकटीवर जिंकणाऱ्याचं नाव रंगवायचा. त्या नावासाठीच लोक खेळायचे. बोर्ड काय, पैसे टाकले की दुकानात मिळतो.

त्या वर्षी एका टेबलावर होता ‘दिवाळी स्पेशल’. मधोमध रंगीत कमळ, कोपऱ्यांत वेलबुट्टी, सोबत स्ट्रायकरची मखमली डबी आणि घडीचं स्टँड. दुसऱ्या टेबलावर ‘चॅम्पियन स्पेशल’. त्याला ना फूल ना पान. जाड फळी, काळसर शिसवी चौकट आणि आरशासारखा सपाट. खेळणारा माणूस डोळे मिटून हाच घेईल, असं आमचे हे आठवडाभर सांगत होते. सांगताना त्यांचं जेवण थंड व्हायचं आणि माझं डोकं गरम.

आता खरी गोष्ट. फय्याजला बहिणीच्या लग्नासाठी कारंज्याला जायचं होतं. म्हणून शेठजींनी फायनलच्या आदल्या दिवशीच त्याला बोलावून चॅम्पियन स्पेशलवर नाव रंगवून घेतलं होतं. लाल ऑइलपेंटात, पिवळी सावली देऊन, ‘विजेता भाऊसिंग’. भाऊसिंग त्यांचा सख्खा पुतण्या. अकोल्याला शिकायला होता, तिथे खेळून आलेला. तोच जिंकणार यात शेठजींना शंका नव्हती. फायनलपर्यंत बोर्डावर रुमाल टाकून ठेवला होता. बाजारात तूर पेरायच्या आधी तिची डाळ शिजवणारे लोक पुष्कळ पाहिले, पण हे जरा अतीच झालं.

आणि भाऊसिंग हरला. आमच्या उकंडरावांनी हरवला.

हो, मी नवऱ्याचं नाव घेते. बालवाडीत शिकवते, साठ पोरांची नावं दिवसभर घेते, एका नवऱ्याचं घेतल्याने जीभ झडत नाही. उकंडराव वीज मंडळात लाइनमनच्या हाताखाली होते. दिवसभर खांबावर, संध्याकाळी कॅरमवर. बोलणं असं की आठवड्याचं मोजून दोन मुठी भरेल. आमची वस्ती गावाच्या खालच्या अंगाला. एरवी क्लबच्या ओट्यावर आमच्यातलं कोणी बसत नव्हतं. पण जिनिंगची मोटर बंद पडली की शेठजींना उकंडराव आठवायचे, त्यामुळे सामन्यात नाव लिहायला कोणी अडवलं नाही. अडवायची गरजही वाटली नसावी. पहिल्या दिवशी नाव पुकारलं तेव्हा मागून कोणीतरी ओरडलं, उकिरड्यावरून डायरेक्ट इथीच काय? शेड हसली. मी वळून त्या माणसाकडे असं पाहिलं की फायनलपर्यंत तो माझ्या दिशेला फिरकला नाही.

त्या नावाची कथा आमच्याकडे पोराटोरांना ठाऊक असते. माझ्या सासूबाई, केशरबाई, त्यांची आधीची लेकरं जगली नाहीत. हे झाले तेव्हा त्यांना टोपलीत घालून उकिरड्यावर ठेवलं, शेजारणीने उचललं, आणि सासूबाईंनी तिच्याकडून मूठभर ज्वारीला विकत घेतलं. टाकलेलं लेकरू, ते मरणाच्याही नजरेत भरत नाही, अशी समजूत. म्हणून नाव उकंडा, उकंडा म्हणजे आमच्याकडे उकिरडाच. पुढे छप्पन साली आमच्या लोकांनी दीक्षा घेतली, वस्तीत कितीतरी नावं बदलली. शाळेतले मास्तरही म्हणाले, आता चांगलं नाव लाव बाबा. यांनी नाही बदललं. विचारलं तर म्हणायचे, जुनं सगळं सोडलं, पण हे माह्या मायनं कमावलेलं हाये.

तर शेडमध्ये रुमाल उचलला गेला आणि ते लाल नाव सगळ्यांनी वाचलं. एकदम कुजबुज सुरू झाली. शेठजी काही कच्चे नव्हते. त्यांनी घसा साफ केला आणि तो फुलांच्या बोर्डाचा सल्ला दिला. उकंडराव त्या लाल नावाकडेच बघत राहिले म्हणून शेठजी जवळ आले आणि आवाज उतरवून समजावू लागले. फुलांच्या बोर्डावर नाव लिहून देऊ, फय्याज परत आला की लगेच. नाहीतर हाच हवा असेल तर इथेच ठेवून जा, नाव खरवडून घरी पोचता करू. मी मनात म्हटलं, पोचला! आणि मग शेठजी म्हणाले,

“फक्त नाव जरा यू. के. इंगळे असं टाकू. उकंडा बरं नाई दिसत बोर्डावर. अकोल्याचे पावने पाहून राह्यले.”

मी उकंडरावांच्या शर्टाची बाही ओढली. म्हटलं, तो फुलांचा घ्या, पण पुरं नाव लिहून घ्या, आत्ता, दुसरा पेंटर आणवा. दुसऱ्याच्या नावाचं लाकूड मी घरात घेणार नाही, सांगून ठेवते. त्यांनी माझ्याकडे पाहिलं, मग दोन्ही टेबलांकडे. फुलांच्या बोर्डावर बोटाने एक टिचकी मारली, पत्र्याच्या डब्यासारखा आवाज आला. मग चॅम्पियन स्पेशलवर हात ठेवला.

“हा.”

“अरे पन त्याच्यावर भाऊचं नाव हाये,” शेठजी म्हणाले.

“असू द्या. हारला थो भाऊच हाये ना?”

 मग मागच्या रांगेतून हसू फुटलं, आणि या वेळी ते आमच्यावर नव्हतं. भाऊसिंग कोपऱ्यात बाह्या खाली करत उभा होता. कानापर्यंत लाल झाला होता पोरगा. शेठजी पुढे काही बोलणार तेवढ्यात तोच म्हणाला, काका, द्या त्यायले, निवडायचा हक त्यायचा हाये. एवढं मात्र खरं, पोरगा हरला पण हलका निघाला नाही.

उकंडरावांनी बोर्ड डोक्यावर घेतला. भर बाजारातून, कापडाच्या दुकानांवरून, एस.टी. स्टँडवरून. मी चार पावलं मागे, रागाने फणफणत. वाटेत जो भेटेल तो मान वाकडी करून वाचायचा, विजेता भाऊसिंग, आणि विचारायचा, काहून, शेठच्या घरी पोचवून राह्यले काय? हमाल समजले त्यांना! मला धरणी ठाव देईना. आणि हे मात्र दर वेळी थांबायचे, बोर्ड सावरायचे, आणि शांतपणे सांगायचे, “नाई, जितला म्या.” जन्मात जेवढं बोलले नसतील तेवढं त्या दिवशी बाजारात बोलले.

घरी सासूबाई ओट्यावर बसल्या होत्या. त्यांना वाचता येत नव्हतं. काय लिवलं हाये, विचारलं. मी सांगितलं. म्हातारी म्हणाली, मंग आपल्या घरी काहून आनलं? मी म्हटलं, विचारा आपल्या लेकाला. आणि आत गेले, घासलेटात चिंधी बुडवली, बाहेर आले आणि ते लाल नाव पुसायला वाकले. उकंडरावांनी माझं मनगट धरलं. लग्न झाल्यापासून पहिल्यांदा त्यांनी माझा हात धरून थांबवला.

“पुसू नको मास्तरीन. पुसलं त हा दुकानातून आनलेला बोर्ड होईन. हे नाव हाये तवरक लोक विचारतीन, याचा बोर्ड तुमच्या घरी कसा आला. मी सांगीन.”

“आन तुमचं नाव? थे कुठी हाये?” मी ओरडले. “आयुष्यभर दुसऱ्याच्या तारा जोडता, दुसऱ्याच्या घरी उजेड पाडता. एका पाटीवर तरी तुमचं नाव पायजे मले.”

त्यांनी माझं मनगट सोडलं. मी चिंधी टाकून आत गेले, कारण डोळ्यांत पाणी आलं होतं, आणि मला रडलेलं कोणी पाहिलेलं खपत नाही.

फय्याज कारंज्याहून परतल्याचं कळलं तशी मी त्याच्या दुकानी गेले. तो एका रसवंतीची पाटी रंगवत होता. मी सगळं सांगितलं, म्हटलं, चल, नाव लिही. त्याने ब्रश खाली ठेवला. म्हणाला, भाभी, शेठच्या अडतीची पाटी, जिनिंगची पाटी, गाड्यांचे नंबर, सगळं मीच करतो, त्यांना कळलं तर माझी रोजी जाते. मी म्हटलं, खेळ व्हायच्या आधी नाव लिहिताना तुझा हात नाही थरथरला? नाव जिंकणाऱ्याचं असतं हे तुला ठाऊक नव्हतं? तो पुन्हा रसवंतीच्या पाटीकडे वळला. मी परत आले. वाटेत माझंच मला वाईट वाटलं. गरिबावरच आवाज चढतो माणसाचा.

पण जुम्म्याची नमाज झाली आणि फय्याज आमच्या दारात उभा. हातात डबे, कानावर ब्रश. म्हणाला, चौकटीवर माझंच अक्षर आहे, त्याच्यावर दुसरं कसं चढवू, मागच्या बाजूला लिहितो. आम्ही बोर्ड ओट्याच्या भिंतीला उलटा टेकवला. मागची ती अख्खी फळी, एवढी मोठी जागा त्याला शेठच्या पाटीवरही मिळाली नसेल. त्याने खडूने रेघा मारल्या आणि विचारलं, काय लिहू? उकंडराव? यू. के. इंगळे?

“उकंडा,” हे म्हणाले. “रावगिव नको. मायनं ठेवलं तसं.”

फय्याजने वीतवीतभर अक्षरं काढली. पिवळा रंग, काळी किनार. वस्तीतली पोरं गोळा झाली, बालवाडीतली होती, मोठ्याने अक्षरं जुळवून वाचू लागली. सासूबाई उठल्या, काठी टेकत जवळ गेल्या, आणि कोणी हं म्हणायच्या आत ओल्या ‘उ’वरून अंगठा फिरवला. फय्याज ‘अम्मा!’ म्हणून ओरडला. रंग फिसकटला. त्याने पुन्हा ब्रश उचलला, तर उकंडराव म्हणाले, राहू दे. म्हातारी आपल्या अंगठ्याकडे बघत बसली. दोन दिवस तिने तो धुतला नाही.

पैसे घ्यायला फय्याज तयार होईना. मी त्याच्या डब्यात वावरातल्या तुरीच्या शेंगा भरून दिल्या. शेठजींना कळायचं ते कळलंच. त्यांनी अडतीची पाटी पुढच्या वर्षी वाशीमच्या पेंटरकडून करून घेतली. तिच्यातलं एक अक्षर चुकलं होतं, ते बाजाराने महिनाभर चघळलं, आणि पाटी पुन्हा फय्याजकडे आली.

त्यानंतर आमच्या ओट्यावर रोज संध्याकाळी कॅरम चालायचा. खांबावरून उतरले की हात-तोंड धुऊन हे बसायचे. जागा ठरलेली. भाऊसिंगचं नाव आहे त्याच बाजूला. मला पुन्हा राग यायचा, चार बाजू असताना तिथेच काय ठेवलंय? ते ऐकून घ्यायचे आणि पावडर शिंपडायचे. स्ट्रायकर मारताना मनगट चौकटीवर टेकायचं, मागे यायचं, पुन्हा टेकायचं. दिवसांमागून दिवस, हंगामांमागून हंगाम. वस्तीतली पोरं शिकली, वरच्या आळीतलीही दोन-चार येऊ लागली, आधी उभ्याने बघायची, मग बसायची. क्लबचे सामने तीनदा झाले, तीनदा हे जिंकले, तीनदा फय्याजने सगळ्यांच्या देखत ‘उकंडा’ लिहिलं. ते बोर्ड यांनी पोरांना देऊन टाकले. खेळायचे मात्र याच्यावरच.

भाऊसिंग शिक्षण संपवून काकांच्या अडतीवर बसला होता. एका संध्याकाळी तो आमच्या ओट्यापाशी मोटारसायकल लावून उभा राहिला. लाइटचं काही काम असेल असं वाटलं मला. पण त्याने चपला काढल्या आणि उकंडरावांच्या समोर येऊन बसला. मी पाणी दिलं, तो पेला तोंडाला लावून पाणी प्याला. मग तो चौकट न्याहाळू लागला. उजवीकडे पाहिलं, डावीकडे पाहिलं.

“मायं नाव कुठी गेलं?” त्याने विचारलं. “खरवडलं काय?”

“म्या हात नाई लावला,” उकंडराव म्हणाले. “खेळता खेळता गेलं.”

मीही तेव्हाच नीट पाहिलं. रोज झाडलोट करणारी मी, माझ्याही ध्यानात आलं नव्हतं. विजेता गेला होता, भाऊ गेला होता, ‘सिं’वरची लाल टिकली तेवढी उरली होती. भाऊसिंगने पुढे वाकून त्या जागेवरून बोट फिरवलं. लाकूड तिथे गुळगुळीत झालं होतं, नुसत्या मनगटाने.  मग त्याने शर्टाच्या खिशातून आपला स्ट्रायकर काढला, आणि आमच्या यांनी सोंगट्या मांडून राणी मधोमध ठेवली.