पाच मीटर ऐंशीची चिंधी

पुलाखालच्या पाण्याची पातळी दिवसातून तीनदा वाचली जात असे. सकाळी आठला, दुपारी एकला आणि संध्याकाळी सहाला. वाचणारा काठावरच्या पायऱ्या उतरून शेवटच्या कोरड्या पायरीवर उभा राही, तिसऱ्या खांबावरच्या मोजपट्टीकडे बघे, पाणी डुचमळत असलं तर दहा लाटा जाऊ देई आणि मधला आकडा नोंदवहीत लिही. सव्वीस वर्षं हे काम एकच माणूस करत होता. सगळे त्याला पातळीवाला म्हणत.

कामाबरोबर काठावरचं दोन खोल्यांचं घर मिळालं होतं. तिथे तो आणि त्याची थोरली बहीण राहत. नवरा गेल्यावर ती भावाकडे आली, त्याला एकोणीस वर्षं झाली होती. सकाळी उठली की ती आधी नदीकडची खिडकी उघडे आणि पाण्याशी दोन शब्द बोले. मग चहा.

पुलाच्या मधोमध कठड्याबाहेर एक लोखंडी हात काढून खात्याने त्याला पांढरा डबा टांगला, तेव्हापासून त्या घराचं काही खरं राहिलं नव्हतं. डबा वरून पाण्याकडे बघून पातळी सांगायचा आणि तो आकडा थेट कचेरीच्या आणि पंपघराच्या पडद्यावर उमटायचा. तीस दिवस चाचणी होती. डबा आणि माणूस यांचे आकडे जुळले तर माणसाने वाचणं बंद होणार होतं, पातळीवाला साठ किलोमीटरवरच्या मुख्य कचेरीच्या गोदामात जाणार होता आणि घर खाली करावं लागणार होतं. सलग पाच दिवस आकडे जुळले नाहीत, तर डबा बनवणाऱ्यांकडे परत जाणार होता आणि निदान पुढचं वर्षभर सगळं होतं तसं चालणार होतं.

बावीस दिवस फरक एका सेंटीमीटरच्या वर गेला नाही.

तेविसाव्या दिवशी सकाळी चाचणीवर देखरेख करणाऱ्या इंजिनिअर बाईंचा फोन आला.

"काका, यंत्र तीन चोवीस दाखवतंय. तुम्ही दोन साठ लिहिलंय."

"दोन साठच आहे, मॅडम."

"चष्म्याचा नंबर कधी तपासलात?"

"मागच्या महिन्यात. तुमच्या यंत्राचा कधी तपासलात?"

बाई हसल्या. दुसऱ्या दिवशी पट्टीवर दोन सेहेचाळीस होतं, तिसऱ्या दिवशी दोन एकतीस. यंत्र तीन चोवीसवरच होतं. बाईंचं हसणं थांबलं. पातळीवाल्याला वेगळंच खटकत होतं. सव्वीस वर्षांत त्याने या नदीला तीन दिवस एका आकड्यावर बसलेलं पाहिलं नव्हतं.

सव्विसाव्या दिवशी दुपारी पट्टीवर दोन सतरा आलं. महिनाभर पाण्याखाली असलेल्या दोन पायऱ्या उघड्या पडल्या होत्या. काठाखालच्या डोहात पाणी इतकं उतरलं होतं की लहान माशांच्या पाठी वर दिसत होत्या. नियम असा होता की पातळी दोन वीसच्या खाली गेली की शहराला पाणी देणारा पंप थांबवायचा, म्हणजे डोहांत पाणी राहतं आणि मासे तगतात. पंप मात्र घुमतच होता.

त्याने पंपवाल्याला फोन लावला. "बंद कर की. दोन सतरा झालंय."

"माझ्या पडद्यावर तीन चोवीस आहे. पडदा सांगेल ते करायचं, असा हुकूम आहे. तुझं ऐकायचे दिवस सरले, पाहुण्या."

"डोह आटतोय."

"पडद्याला सांग."

तेवढ्यात वाऱ्याचा झोत आला. पंपवाला म्हणाला, "थांब, थांब. दोन सतरा आलं. नाही, परत तीन चोवीस." पातळीवाल्याने फोन चालूच ठेवला आणि तो पुलावर गेला.

पुलाचा धार जाते त्या बाजूचा कठडा चिंध्यांनी भरलेला होता. नदीकडे काही मागायचं असलं की लोक तिथे चिंधी बांधत. मागणं पुरं झालं की ज्याची गाठ त्यानेच सोडायची, दुसऱ्याने हात लावायचा नाही, एवढाच नियम. निम्म्याहून जास्त चिंध्या सुटायच्या आधीच उन्हापावसात विरून जात. सगळ्या वीतभर, फार तर हातभर. डब्याच्या लोखंडी हाताला मात्र एक भलतीच लांब चिंधी बांधलेली होती. पट्ट्यांना पट्ट्या जोडत ती खाली पाण्याच्या दिशेने गेली होती आणि पाण्यापासून मीटरभर वर संपत होती. टोकाला गाठींचा मुठीएवढा गोळा होता. कापड निळ्या चौकड्यांचं होतं. ती चादर दोन आठवड्यांपूर्वीपर्यंत त्याच्या अंथरुणावर होती.

त्याने चिंधी हाताने ओढून बाजूला धरली. "आता किती?"

"दोन सतरा. काय केलंस रे?"

त्याने चिंधी सोडली. "आता?"

"तीन चोवीस. अरे, नक्की काय ते ठरव. दहा मिनिटं दोन वीसच्या खाली राहिलं तर मी बटण दाबतो."

पातळीवाला बराच वेळ कठड्याशी उभा राहिला. चिंधी त्याने पुन्हा धरली नाही. उद्याचा दिवस पाचवा होता.

घरी बहीण भाजी निवडत होती.

"ताई, माझी चादर कुठाय?"

"विरली होती."

"पुलावर टांगलीस ती?"

तिने मान वर केली नाही. "मागणं मोठं होतं. वीतभर चिंधीत कसं बसणार? म्हटलं, पाण्याला टेकेल एवढी करावी. तूच म्हणालास ना, कठड्यापासून पाणी पाच मीटर ऐंशीवर आहे."

"ते पंधराव्या दिवशी. तू बांधलीस तेविसाव्याला. तोवर पाणी साठ सेंटीमीटर उतरलं होतं."

"शिवायला आठ दिवस लागले. सुई दिसत नाही आता. आणि गाठ मारायला थोडी गेलीच."

"आणि नेमकी डब्यालाच बांधायची?"

"तो लोखंडी हात बरोबर मुख्य धारेवर येतो. कठड्यावर जागा कुठाय? लोकांची मागणी काय कमी आहेत!" मग तिने सुरी बाजूला ठेवली. "खरं सांग. यंत्र चुकतंय ना? फोनवर बोलत होतास ते ऐकलं मी. आजचा चौथा दिवस. बघ, ऐकलं की नाही नदीने?"

"यंत्र चुकत नाही, ताई. ते तुझ्या गाठीला पाणी समजतंय."

"कसं का होईना."

"त्यामुळे पंप थांबत नाही. खालचा डोह आटतोय. मासे उघडे पडलेत."

ती उठली आणि खिडकीशी गेली. डोह खिडकीतून दिसत नसे, पण पंपाचा आवाज येई.

"तू सोड ती," तो म्हणाला.

"मागणं पुरं झाल्याशिवाय? तसं नाही करता येत, धाकट्या. आणि तू कापशील तर बघ."

"मी कापणार नाही."

सहाच्या वाचनाला पट्टीवर दोन बारा होतं. आकड्याच्या पुढे शेऱ्यासाठी रकाना होता. सव्वीस वर्षांत त्यात बहुतेक वेळा काहीच लिहावं लागलं नव्हतं. त्याने लिहिलं: "यंत्राखाली कापड लोंबत आहे. यंत्राचा आकडा पाण्याचा नसून कापडाच्या टोकाचा आहे. यंत्र ठीक आहे." शेवटचं वाक्य लिहायची गरज नव्हती, पण ते खरं होतं. मग त्याने इंजिनिअर बाईंना फोन करून तेच वाचून दाखवलं.

बाई दुसऱ्या दिवशी साडेनऊला आल्या. सोबत कात्री घेतलेला फिटर होता. फिटरने चिंधी वरपासून खालपर्यंत पाहिली आणि कात्री खिशात घातली.

"अरे, काप की," बाई म्हणाल्या.

"मॅडम, माझ्या बायकोचे दिवस भरत आलेत. दुसऱ्याची गाठ मी नाही कापणार."

"विज्ञान शिकलास ना तू?"

"शिकलो. तुम्ही तर माझ्याहून जास्त शिकलात. घ्या कात्री."

बाईंनी कात्री घेतली नाही. "काका, बांधली कोणी ही?"

"माझ्या बहिणीने. माझ्यासाठी."

बाई त्याच्याकडे बघत राहिल्या. आजचा दिवस कितवा, हे त्यांनाही माहीत होतं.

तोवर बहीण पुलावर येऊन पोचली होती. येताना ती डोहावरून आली होती. चपला चिखलाने भरल्या होत्या. कोणाशी न बोलता तिने कठड्याबाहेर हात काढून गाठीला हात घातला. दवाने ओली झालेली गाठ आवळून बसली होती. फिटर पुढे झाला, तिने त्याला कोपराने मागे सारलं. नखं आणि शेवटी दात लावून ती गाठ सोडवत होती. पाऊण तास लागला. बाई उन्हात उभ्या राहिल्या.

"मागणं पुरं झालं का, मावशी?" फिटरने हळूच विचारलं.

"नाही झालं," ती म्हणाली. "पण ज्याच्याकडे मागायचं, त्याचीच तहान वाढवायची का?"

चिंधी वर ओढून तिने तिची गुंडाळी केली आणि काखेत मारली. बाईंच्या हातातल्या पडद्यावर एक अठ्ठ्याण्णव आलं. दहा मिनिटांनी पंपघराची घरघर थांबली.

पातळीवाला खाली उतरला, त्याने दहा लाटा जाऊ दिल्या आणि वरून विचारणाऱ्या बाईंना ओरडून सांगितलं, "एक अठ्ठ्याण्णव." फरक शून्य. बाईंनी मधले दिवस चाचणीतून वगळले, पुढे चार दिवस वाढवले आणि पातळीवाल्याच्या आणि फिटरच्या सह्या घेतल्या.

घरी परतताना बहिणीने विचारलं, "तिकडे नदी आहे का?"

"कालवा आहे."

"कालव्याकडे काय मागणार! तो आपला लोक नेतील तिकडे जातो."

"काही मागू नकोस. गोदामात पंखा आहे म्हणतात."

"आणि घर?"

"भाड्याचं बघावं लागेल. दुसरा मजला वगैरे."

तिने गुंडाळी या काखेतून त्या काखेत घेतली. दवाने ओलावलेल्या चादरीने तिची बाही दमट झाली होती. "आदेश कधी येईल?"

"चाचणी संपली की. आठ-दहा दिवसांत."

"मग उद्यापासून भांडी काढायला घेते," ती म्हणाली. घरी पोचल्यावर तिने चादरीच्या पट्ट्या एकेक करून सुट्या केल्या आणि वाळत घातल्या. भांडी गुंडाळायला त्या लागणार होत्या.