फोग्वाना

मोशुपाच्या दवाखान्यात मी नर्स आहे आणि बाळंतिणींवर रोज खेकसते. आम्ही त्स्वाना लोक बाळाच्या टाळूला फोग्वाना म्हणतो.

"फोग्वाना खोल गेली म्हणजे बाळाच्या अंगातलं पाणी कमी झालंय. लेप थापत बसू नका, तडक इकडे या! दीड-दोन वर्षांत हाडं जुळतात, टाळू भरते. मग विसरा तो शब्द."

काल बीपी दाखवायला आलेली माझी आईही बाकावर बसून हे ऐकत होती. संध्याकाळी मी तिला घरी सोडायला गेले. तिच्या गोल झोपडीचं दार ठेंगणं. मी आत शिरणार, तोच तिनं माझ्या डोक्यावर तळहात धरला.

"केनेइल्वे, फोग्वाना सांभाळ!"

"आई, बावन्न वर्षांची घोडी झाले मी. कधीच भरली ती."

"कोणी सांगितलं तुला?"

"पुस्तकात आहे तसं."

"पुस्तकानं हात लावून बघितलं होतं का? टाळू भरली की नाही, ते जिचा हात वर असतो तिला कळतं. मोठी आली नर्स! वाक आता."

मी वाकले.