धुतलेला शर्ट

माझा भाऊ गुंड आहे. आधीच सांगून टाकते, म्हणजे पुढे कोणी मला शहाणपण शिकवायला नको. बाजारात त्याला खिळा म्हणतात. अंगाने तसाच काटकुळा, आणि लहानपणापासून जिथे जाईल तिथे रुतून बसणारा. वीस पोरं त्याच्या मागे फिरायची. दुकानदार त्याला बघून उठून उभे राहायचे. एका ट्रकवाल्याचा हात त्याने असा मोडला की तो अजून सरळ होत नाही. त्याची शिक्षा भोगली त्याने, तीन वर्षं. त्या तीन वर्षांत मी एकदाही रडले नाही. करावं तसं भरावं, म्हटलं.

पण भरून झाल्यावरही भरतच राहायचं, हा कुठला न्याय?

सुटून आल्यापासून आठ महिन्यांत पाच वेळा उचलला त्याला. जामीन व्हायचा, तुरुंगाच्या फाटकाबाहेर पाय पडायचा, की समोर दुसरी गाडी उभी. कुठे काही फुटलं, जळलं, चोरीला गेलं की आधी खिळा! चोर सोडून संन्याशाला फाशी म्हणतात. हा काही संन्यासी नाही हो, पण त्या चोऱ्या तरी त्याच्या नव्हत्या. पाचव्यांदा नेला तो कापसाचं गोदाम जाळलं म्हणून. गोदाम जळलं त्या दिवशी हा माझ्या दुकानामागच्या खोलीत पालथा पडलेला. चौथ्या अटकेत तळपायांवर पट्ट्याने इतकं मारलं होतं की संडासलासुद्धा मी त्याला धरून नेत होते. आणि म्हणे हा गोदामाची भिंत चढून गेला! पोलीस ठाण्यात जाऊन मी हे सांगितलं. मोठे साहेब हसले. म्हणाले, "बाई, भावासाठी बहीण साक्ष देणार नाही, तर कोण शेजारी देणार?"

मी घरी आले.

माझी लाँड्री आहे, सव्वीस वर्षं झाली. धुणं, डाग काढणं, इस्त्री. चहा, शाई, गंज, ग्रीस, काय वाटेल ते आणा. दुसऱ्यांनी हात टेकलेले कपडे माझ्याकडे येतात आणि कोरे होऊन जातात. गर्व नाही, पण खोटं कशाला बोलू?

अटकेच्या चौथ्या दिवशी दुपारी मी ठाण्यात डबा आणि घालायला जुना सदरा घेऊन गेले. शिपायाने डबा उघडून बघितला, आत नेला आणि येताना एक पिशवी आणली. "कपडे बदलले त्याने. ताईकडे द्या म्हणाला." एवढाच निरोप. दुसरा शब्द नाही.

दुकानात येऊन पिशवी उपडी केली. त्याचा निळ्या चौकड्यांचा शर्ट. कॉलरपासून खिशापर्यंत रक्त, नाकातलं असणार. पाठीवर वाळून तपकिरी झालेले पट्टे, एकाखाली एक. अग आई गं! मी दार लोटून घेतलं. कोणी गिऱ्हाईक आलं आणि बघितलं तर? ज्याला बघून बाजार उठून उभा राहायचा, त्याची पाठ अशी फोडली, हे चार लोकांत कशाला? मला लाज वाटली, राग आला, आणि हात चालायला लागले. रक्ताला गरम पाणी लावायचं नाही, ते धाग्यात बसतं. थंड पाणी, मूठभर मीठ, तासभर भिजत ठेवायचं. मग साबण, आणि जिथे हटून बसलंय तिथे बाटलीतलं औषध थेंब थेंब. मी रडतेय आणि चोळतेय. तीन वर्षं न रडलेली बाई, त्या बादलीवर बसून रडले. संध्याकाळपर्यंत शर्ट स्वच्छ. उजेडात धरून बघितला, डागाचा मागमूस नाही. कॉलरला खळ दिली, कडक इस्त्री केली. उद्या न्यायाधीशांसमोर उभं राहायचंय त्याला, माणसासारखा दिसू दे, म्हटलं.

सकाळी तो शर्ट ठाण्यात नेऊन दिला. मोठ्या साहेबांनी स्वतः घडी उघडली. पुढून बघितला, उलटा करून पाठ बघितली, खिडकीकडे धरला. मग म्हणाले, "वा बाई, हात आहे तुमचा. घाला रे त्याला हाच."

आणि मला, मेलीला, बरं वाटलं.

कोर्टाच्या व्हरांड्यात आमच्या वकीलबाई माझी वाट बघत होत्या. तरुण पोरगी आहे, पण जीव तोडून काम करते. काल संध्याकाळी ठाण्यात पाच मिनिटं त्याला भेटून आली होती. आज पोलीस आणखी कोठडी मागणार होते. ती मिळाली तर हा पुन्हा त्याच खोलीत, त्याच पट्ट्याखाली. नाही मिळाली तर तुरुंगात, आणि तुरुंगात निदान रात्री झोपू देतात. सगळं त्यावर होतं.

वकीलबाईंनी विचारलं, "ताई, शर्ट आणलात ना?"

"कुठला?"

"रक्ताचा. चार दिवस त्याने तो अंगातून काढला नाही, मुद्दाम. डॉक्टरांनी कागदावर जखम नाही असं लिहिलंय. साहेब शेजारी उभे होते, डॉक्टर दारातूनच परत गेले. आपल्याकडे तो शर्टच आहे, दुसरं काही नाही. काल तुमच्याकडे पाठवलाय म्हणाला."

तेवढ्यात गाडी आली. दोघांनी बगलेत धरून त्याला उतरवला. निळ्या चौकड्या, कडक कॉलर. मी नुसतं बोट केलं. वकीलबाईंनी त्या शर्टाकडे बघितलं, मग माझ्याकडे. शिव्या घातल्या असत्या तर बरं झालं असतं.

आत सरकारी वकील उभे राहिले. "महाराज, छळाचा आरोप आहे. आरोपीकडे बघा. माझ्यासुद्धा शर्टाला अशी इस्त्री नसते." कोर्टात हशा पिकला. न्यायाधीशही गालात हसले. माणूस वाईट वाटला नाही. चष्मा काढून म्हणाले, "छळ म्हणता, तर काहीतरी ठेवा माझ्यासमोर. डॉक्टरांचा कागद उलट सांगतोय."

माझ्याने राहवलं नाही. बाकावरून उठून ओरडले, "मी धुतला! रक्त होतं त्यावर, पाठीवर पट्टे होते, मी माझ्या हाताने धुतला!"

"या कोण?"

"बहीण आहे," वकीलबाई म्हणाल्या.

"डाग राहिलाय का कुठे?"

सव्वीस वर्षांत डाग ठेवून कपडा परत दिला नाही मी. मान हलवली. वकीलबाई म्हणाल्या, शर्ट तपासणीला पाठवा, अंग तरी उघडून बघा. न्यायाधीश घड्याळाकडे बघून म्हणाले, "लेखी अर्ज द्या, पुढच्या तारखेला बघू." त्यांच्या टेबलावर फायलींचा ढीग होता.

तेव्हा तो बोलला. कठड्याला दोन्ही हातांनी धरून उभा होता, पाय टेकवत नव्हते. "महाराज, गोदाम मीच जाळलं."

वकीलबाई म्हणाल्या, "गप्प बसा हो!"

"मीच. आधीच्या चार केसही माझ्याच. आणखी कुठल्या असतील त्या लिहून घ्या, अंगठा देतो, सही देतो. फक्त तुरुंगात पाठवा. ह्यांच्याकडे नका देऊ." ज्याने बाजार हलवला तो माझा भाऊ हात जोडत होता. हात सुटले तसा गुडघ्यावर आला.

मला वाटलं, झालं, सुटला. खोटं का होईना, कबूल केलं, आता तरी तुरुंगात टाकतील. आयुष्यात पहिल्यांदा मी त्याच्या खोटं बोलण्यावर खूश झाले.

सरकारी वकील लगेच उठले. आरोपी स्वतःच कबूल करतोय, महाराज. साथीदार कोण, रॉकेल कुठून आणलं, बाकीचे गुन्हे कुठले, हे सगळं विचारावं लागेल. त्याला ठाण्यातच ठेवायला हवं.

न्यायाधीशांनी लिहिलं. कोठडी, आणखी सात दिवस.

व्हरांड्यात मोठ्या साहेबांनी मला दोन मिनिटं दिली. उपकार केल्यासारखी. मी त्याच्यासमोर उभी राहिले. म्हटलं शिव्या देईल, थुंकेल तोंडावर. द्यायलाच हव्यात. "धाकट्या," मी म्हणाले, "मला कळलं नाही रे. मला वाटलं, चांगला दिसशील."

तो रागावला नव्हता. रागावायलासुद्धा काहीतरी शिल्लक लागतं अंगात. त्याने माझा हात बघितला, मिठाने फाटलेली बोटं.

"राहू दे गं ताई," म्हणाला. "पुढच्या वेळी धुऊ नकोस."

पुढच्या वेळी! सहावी, सातवी, आठवी वेळ ठरलेलीच असल्यासारखं म्हणाला तो, उद्या डबा आणू नकोस म्हणावं तसं. हे थांबेल असं त्याला वाटतच नव्हतं, आणि त्याच्याकडे बघताना मलाही वाटेना.

"बरं," म्हणाले मी.