पोटुशा

मित्रांनो, उथळ समुद्राच्या तळाशी वाढणाऱ्या गवतात राहणारा मी एक म्हातारा मासा आहे. अंगानं काडी, रंगानं हिरवा. पात्यांमध्ये उभा राहून डोलू लागलो की मोठे मासे अगदी नाकासमोरून निघून जातात. लपण्यात माझा कुणी हात धरणार नाही. हात नसले म्हणून काय झालं!

या गवताचे माझ्यावर फार उपकार आहेत. इथंच मी जन्मलो, इथंच वाढलो. आमच्यात एक गंमत असते. आई आपली अंडी बापाच्या पोटावरच्या पिशवीत ठेवते आणि आपल्या वाटेनं जाते. पुढचं सगळं बापाकडे. माझीही पिशवी अशीच भरली, तेव्हा मी नुसता मिरवत होतो.

नेमकी तेव्हाच वर एक होडी थांबली. तिच्यात मासे धरणारं जोडपं होतं. इंजिनाच्या पंख्यात गवत अडकून नवरा वैतागला होता.

"हे सगळं उपटूनच टाकू. वाट तरी मोकळी होईल," तो म्हणाला.

दोघं कमरेएवढ्या पाण्यात उतरून गवत उपटू लागली. बायकोच्या एका मुठीत पात्यांबरोबर मीही वर आलो. माझी हुशारी माझ्याच अंगाशी आली होती. पोटातल्या पोरांसाठी माझा जीव कासावीस झाला.

"अगं बाई, या पात्याला डोळे आहेत! अहो, ही पोटुशी आहे."

"ही नव्हे, हा. यांच्यात बापच पोट वागवतो."

"म्हणजे पोटुशा?" ती होडीला धरून हसत सुटली. मग मुठीतल्या गवताकडे बघू लागली. "अहो, आणखी कोण कोण राहतं इथं?"

नवऱ्यानं डोकं खाजवलं. "कोळंबीची पिल्लं. खेकडे. आपल्या जाळ्यात येतात ते मासेही लहानपणी इथंच असतात."

"मग आपण उपटतोय काय?"

नवऱ्यानं हातातलं गवत खाली टाकलं. तिनं मला अलगद पाण्यात सोडलं.

तेव्हापासून गवत आलं की ती दोघं इंजिन वर उचलतात आणि वल्ही मारतात. "पोटुशाचं माहेर आलं वाटतं!" म्हणून बाकीचे होडीवाले चिडवतात. "आलं, आलं. तुम्हीही मशीन बंद करा," असं आता नवराच ओरडून सांगतो.

यथावकाश माझी पिशवी उघडली. टाचणीएवढी पोरं भराभर गवतात पांगली. एकानंही मागे वळून पाहिलं नाही, पण माझं मन भरून आलं.

मित्रांनो, पाण्यातलं असो की जमिनीवरचं, काहीही उपटण्याआधी इथं कोण राहतं, एवढं विचारा. तिनं विचारलं, म्हणून मी बाप झालो.