माघारा ग्रहाची दोरी

मी एक जुनी दिनदर्शिका आहे. कागदाची नव्हे, दोरीची. माझ्यावर देवाचं चित्र नाही, किराणा दुकानाचा फोन नंबर नाही, राशिभविष्यही नाही. मी माघारा नावाच्या ग्रहावरची आहे. हसू नका मित्रांनो. पालघरच्या प्रदर्शनात माझ्यावर पोटभर हसून झालेलं आहे, आणि तो राग अजून माझ्या पोटात आहे.

माझा जन्म पाम गावापलीकडच्या एका पाड्यावर झाला. दोरी मुरब्याच्या बंदरावरची, जाळं विणून उरलेली, हिरवी. सातवीतल्या भाग्यश्रीला विज्ञानाच्या शैलेश सरांनी काम दिलं होतं, एक परग्रह कल्पा आणि त्याची कालगणना तयार करा. बाकीच्या मुलांनी आपल्याच बारा महिन्यांना चित्रविचित्र नावं दिली आणि ती खेळायला पळाली. भाग्यश्रीने मात्र मुळापासून विचार केला.

माघाऱ्याला दोन चांद आहेत, थोरला आणि धाकटा. दर दहाव्या दिवशी ते एकमेकांना भेटतात, त्या दिवशी ग्रहावर कुणी कामाला जात नाही. म्हणून माझी दर दहावी गाठ दुहेरी. तिथं गेलेले दिवस मोजत नाहीत, उरलेले मोजतात. घरातलं माणूस लांब कामाला निघालं की त्या घराचं वर्ष सुरू होतं. निघणाऱ्याने जितके दिवस लागतील तितक्या गाठी मारायच्या, मागे राहणाऱ्याने रोज एक सोडायची. दोरी सपाट झाली की माणूस दारात. आणि सगळ्यात कडक नियम असा, की जाणाऱ्याशिवाय दुसऱ्या कुणी गाठ मारायची नाही.

हे तिला कुठून सुचलं, ते सांगायला नकोच. तिचे आईबाप, सोमी आणि सुका, दिवाळी झाली की वसईकडच्या वीटभट्टीवर जातात. बोईसरच्या कारखान्यांची धुरांडी पाड्यावरून दिसतात, पण तिथं कामाला गेलं की आधी शिक्षण विचारतात! यंदा पोरीची शाळा बुडू नये म्हणून तिला आजीपाशी, गोदूबाईपाशी ठेवलं. निघायच्या दुपारी सोमीने मला मांडीवर घेतलं आणि शिमग्यापर्यंतच्या एकशेवीस गाठी मारल्या. एकही ढिली नव्हती.

रोज सकाळी भाग्यश्री एक गाठ सोडायची. गोदूबाई चुलीपासून विचारायची, "किती रायल्या गं?" आकडा ऐकला की म्हातारी मान डोलवायची. इतक्या मानाने कुठली छापील दिनदर्शिका वागवली गेली असेल, असं मला वाटत नाही.

जानेवारीत पालघरला प्रदर्शन भरलं. त्या सकाळची गाठ सोडून माझ्यावर सत्तेचाळीस उरल्या होत्या. परीक्षक आले, पाठोपाठ चहाही आला.

"वर्ष सगळ्यांचं सारखं असतं, बाळ. घरोघरी वेगळं कसं असेल?" ते हसले. मग तिचं आडनाव वाचून म्हणाले, "अगं, दोन वारली चित्रं तरी काढायचीस. नंबर आला असता."

माझा तर तिळपापड झाला. परग्रहाची कालगणना मागायची आणि पोरीच्या आडनावावरून तिने काय काढावं ते ठरवायचं, ही कुठली परीक्षा?

"बरं, चालवून दाखव."

"आजची सुटली, सर. आता उद्या."

"उद्यापर्यंत थांबू की काय इथं?" असं म्हणून त्यांनी मला उचललं आणि शेजारच्या परीक्षकांशी गप्पा मारत, शेंगा सोलाव्यात तशा, माझ्या गाठी सोडू लागले. भाग्यश्री दोनदा म्हणाली, "सर, नका सोडू." शैलेश सर हात बांधून कसंनुसं हसत उभे. मोठ्यांपुढे बोलायचं नाही म्हणे! सोळा गाठी गेल्या. सोमीच्या हातच्या सोळा.

"रडतेस काय? काल्पनिक ग्रह आहे. बांध परत."

"मला नाय बांधता येत," ती म्हणाली. "जो जातो तोच बांधतो."

त्यानंतर तिने मला हात लावला नाही. माझ्यावर एकतीस गाठी होत्या आणि त्या खोट्या होत्या. त्या संपल्या असत्या आणि आई दारात नसती, तर पोरीने कशावर भरवसा ठेवायचा होता? गोदूबाई म्हणाली, "मी बांधते गं, कोन बघतो?" भाग्यश्रीने नाही म्हणून मान हलवली. अखेर शैलेश सर लाजेकाजेने पाड्यावर आले आणि त्यांनी भट्टीच्या मुकादमाला फोन लावला. सोमीने एवढंच विचारलं, "किती सुटल्या?"

प्रदर्शनानंतर आठव्या दिवशी, रविवारी, ती एकटीच आली. दोन एसट्या बदलून, हाताला लाल माती तशीच. पाणी पिऊन तिने मला मांडीवर घेतलं, बोटांवर मोजलं. मधले आठ दिवस तर खरेच गेले होते, म्हणजे आता आठच मारायच्या.

"चारच मार ना गं आये," भाग्यश्री म्हणाली.

सोमीचे हात थांबले. "चार मारून मी लवकर येन का? खोटा नाय बांधायचा." आणि तिने आठही मारल्या. तासाभराने ती परत निघाली. भाग्यश्रीला सहभागाचं प्रमाणपत्र मिळालं.

शिमग्याला मी सपाट झाले आणि सोमी दारात होती. तेव्हापासून खुंटीवर आहे. दिवाळी महिन्यावर आली आहे. मित्रांनो, दुसऱ्या वस्तू तुम्हाला सांगतात, आम्हाला वापरा, अडगळीत टाकू नका. मी उलट मागते. माझ्यावर धूळ बसू द्या, उंदरांना कुरतडू द्या. पाड्याजवळ सोमीला काम मिळू द्या, आणि मला खुंटीवरून काढून तिच्या हातात देऊ नका.